भीतीपोटी झालेली भरपाई

चुका कोणाच्या हातून होत नाहीत, असे आपण सहज म्हणून जातो. दुसऱ्याच्या चुकीविषयी हे वाक्य आपल्या तोंडी क्वचितच येते. स्वतःच्या चुकीची वेळ आली की मात्र ते आयतेच ओठांवर असते. चूक घडणे आणि चूक मान्य करणे यांच्यामध्ये जे अंतर असते, तेथेच माणसाची खरी कसोटी लागते. ते अंतर कोणी स्वखुशीने ओलांडतो, कोणाला लोकलज्जा ओलांडायला लावते, तर कोणाला नुकसानीचे भय. मग मनात प्रश्न उभा राहतो : भयापोटी दिलेली कबुली आणि भयापोटी केलेली भरपाई यांना काही नैतिक मोल आहे काय? की तो निव्वळ व्यवहार म्हणायचा?

या प्रश्नाचा विचार आम्ही येथे एका उद्योगपतीच्या चरित्राच्या आधारे करणार आहोत. त्याचे नाव अँडी ग्रोव्ह. संगणकाचा मेंदू म्हणता येईल अशी चिप बनविणाऱ्या इंटेल या अमेरिकन कंपनीचा तो १९८७ ते १९९८ या काळात प्रमुख होता. आपल्यातील कित्येक घरांतील मुलेमुली आज संगणकाच्या व्यवसायात आहेत. त्यांच्या मेजावरील यंत्राच्या इतिहासात या माणसाचा वाटा मोठा आहे. तथापि आम्हांला त्याच्या संपत्तीपेक्षा अथवा कीर्तीपेक्षा त्याच्या आयुष्यातील एक महिना अधिक विचारात पाडतो. तो महिना डिसेंबर १९९४ हा होय.

परंतु त्या महिन्याचा अर्थ लागण्यासाठी थोडे मागे जावे लागेल.

ग्रोव्हचा जन्म २ सप्टेंबर १९३६ रोजी हंगेरीच्या बुडापेस्ट शहरात एका ज्यू कुटुंबात झाला. आंद्राश ग्रोफ हे त्याचे मूळ नाव. वडिलांचा दुधाचा धंदा होता. चौथ्या वर्षी त्याला स्कार्लेट फीव्हर हा आजार झाला. त्यातून तो कसाबसा वाचला, पण कानांनी अधू झाला. वडिलांना सक्तीच्या मजुरीसाठी रशियाच्या आघाडीवर नेण्यात आले. मार्च १९४४ मध्ये जर्मन सैन्याने हंगेरी व्यापली आणि पुढल्या काही महिन्यांत तेथील चार लाखांहून अधिक ज्यूंना आऊशवित्झच्या छावणीकडे रवाना करण्यात आले. आंद्राशच्या आईने खोटे नाव आणि खोटी कागदपत्रे घेतली, मुलाला सोबत घेऊन ओळखीच्या लोकांच्या आश्रयाने ती लपून राहिली आणि मायलेकरे वाचली. युद्ध संपल्यावर वडील परतले ते हाडांचा सापळा होऊन.

पुढे ग्रोव्हने आपल्या बालपणाच्या आठवणी लिहिल्या. त्यांतील एक आठवण आपल्या वाचकांनी मुद्दाम ऐकावी अशी आहे. खेळताना एका लहान सोबत्याने त्याला सांगितले होते की, येशू ख्रिस्ताला ज्यूंनी मारले, म्हणून सगळ्या ज्यूंना आता डॅन्यूब नदीत फेकून देणार आहेत. हे सांगणारे मूल दुष्ट नव्हते. मोठ्यांच्या तोंडून जे ऐकले ते त्याने खेळता खेळता सांगितले, इतकेच. पण १९४४–४५ च्या हिवाळ्यात खरोखरच ज्यूंना डॅन्यूबच्या काठी उभे करून गोळ्या घालण्यात आल्या आणि प्रेते नदीच्या स्वाधीन करण्यात आली. त्या काठावर २००५ सालापासून लोखंडी बुटांचे ६० जोड स्मारक म्हणून मांडून ठेवले आहेत. या आठवणीकडे आम्ही शेवटी परत येऊ.

१९५६ साली हंगेरीतील उठाव रशियन रणगाड्यांनी चिरडला, तेव्हा वीस वर्षांचा हा तरुण सीमा ओलांडून ऑस्ट्रियात निसटला आणि १९५७ च्या आरंभी बोटीने अमेरिकेस पोहोचला. निर्वासितांना साहाय्य करणाऱ्या एका संस्थेने त्याला हात दिला. न्यूयॉर्कच्या सिटी कॉलेजातून १९६० साली तो रसायन अभियंता झाला आणि १९६३ साली बर्कले विद्यापीठाची डॉक्टरेट त्याने मिळविली. १९६८ साली रॉबर्ट नॉइस आणि गॉर्डन मूर यांनी इंटेलची स्थापना केली, तेव्हा ग्रोव्ह पहिल्या दिवसापासून त्यांच्यासमवेत होता. १९७९ साली तो अध्यक्ष झाला व १९८७ साली सर्वाधिकारी. हे ऋण तो विसरला नाही. आपल्या आठवणींच्या पुस्तकाचे मानधन त्याने निर्वासितांच्या त्याच संस्थेला दिले, आणि २००५ साली आपल्या जुन्या कॉलेजला २ कोटी ६० लाख डॉलरची देणगी दिली.

कारभारी म्हणून तो कडक होता. सकाळी आठ वाजून पाच मिनिटांनंतर येणाऱ्यास नोंदवहीत सही करावी लागे, आणि उशीर झाला तर ही सही त्यालाही चुकत नसे. त्याला स्वतंत्र दालन नव्हते. इतरांसारखाच तोही आडोशाच्या छोट्याशा खणात बसे. वादात हुद्दा पाहू नये, मुद्दा पाहावा, असा त्याचा आग्रह असे. मात्र त्या आग्रहाची धार अनेकांना बोचत असे. भीतीविषयी त्याचे मत ठाम होते. यशाने माणूस सुस्तावतो, आणि उद्या हे सारे नाहीसे होऊ शकते ही धास्तीच त्याला जागे ठेवते, असे तो मानी. ज्याने बालपणी घर, नाव आणि देश हातचे जाताना पाहिले, त्याने असे मानावे यात आश्चर्य नाही. १९८५ साली जपानी स्पर्धेपुढे मेमरी चिपांचा मूळ धंदा टिकेना, तेव्हा त्याने मूर यांना विचारले की, आपल्याला काढून नवा प्रमुख आणला तर तो काय करील? तो हा धंदा सोडून देईल, असे उत्तर आले. मग तेच आपण का करू नये, असे म्हणून दोघांनी तो सोडला. निर्णय योग्य ठरला. पण त्यात हजारो कामगारांना घरी जावे लागले हेही विसरता येत नाही.

आता त्या महिन्याकडे वळू. मार्च १९९३ मध्ये इंटेलने पेंटियम ही नवी चिप बाजारात आणली. तिच्या निर्मितीत पुण्यात जन्मलेल्या विनोद धाम या अभियंत्याचा वाटा मोठा होता. १९९१ पासून कंपनीने संगणकांवर आपले नाव झळकवायला आरंभ केला होता. त्यामुळे जी वस्तू पूर्वी केवळ संगणक बनविणारेच ओळखीत, ती आता घराघरांत नावाने ओळखली जाऊ लागली. १९९४ च्या उन्हाळ्यात अमेरिकेच्या व्हर्जिनिया राज्यातील लिंचबर्ग कॉलेजचे गणिताचे प्राध्यापक थॉमस नाइसली जुळ्या मूळसंख्यांसंबंधी एक प्रदीर्घ गणित करीत होते. उत्तर जुळेना. महिनोन्‌महिने त्यांनी आपलेच गणित, आपलीच आज्ञावली, आपलेच यंत्र तपासले. अखेर दोष चिपेच्या भागाकारात आहे असे त्यांच्या ध्यानी आले.

दोष तसा चिमुकला होता. भागाकार जलद व्हावा म्हणून चिपेत एक कोष्टक कोरलेले असते. त्यातील १,०६६ नोंदींपैकी ५ नोंदी भरावयाच्या राहून गेल्या होत्या. त्यामुळे काही विशिष्ट संख्यांचा भागाकार पाचव्या-सहाव्या अंकापाशी चुके. ४१,९५,८३५ ला ३१,४५,७२७ ने भागले असता १.३३३८२० यावयाचे, तेथे १.३३३७३९ येत असे. सदर दोष कंपनीच्या तज्ज्ञांनाही त्याच उन्हाळ्यात सापडला होता. पुढच्या चिपांत तो दुरुस्त करण्याचे काम त्यांनी हातीही घेतले. परंतु ज्यांनी चिप आधीच विकत घेतली होती, त्यांना कोणी काही कळविले नाही.

प्राध्यापकांनी ऑक्टोबरअखेर गोष्ट उघड केली. नोव्हेंबरमध्ये ती वृत्तपत्रांत आली. कंपनीचे उत्तर असे होते : ही चूक सरासरी ९०० कोटी भागाकारांतून एकदा होईल; सामान्य ग्राहकाच्या वाट्याला ती २७,००० वर्षांतून एकदा येईल; तेव्हा घाबरण्याचे कारण नाही. ज्याला आपले काम फार सूक्ष्म गणिताचे आहे असे वाटते, त्याने ते आम्हांला पटवून द्यावे, मग आम्ही चिप बदलून देऊ. लोक खवळले. १२ डिसेंबर रोजी आयबीएम या मोठ्या कंपनीने पेंटियम असलेले आपले संगणक पाठविणे थांबविले. चूक २४ दिवसांतून एकदाही येऊ शकेल, असा तिचा हिशेब होता. आठच दिवसांनी, २० डिसेंबर रोजी, इंटेलने क्षमा मागितली आणि जो मागेल त्याला, कारण न विचारता, चिप बदलून देण्याचे घोषित केले. त्यापायी ४७.५ कोटी डॉलरचा भुर्दंड कंपनीने सोसला.

कथा येथे संपते. विचार येथून सुरू होतो.

पहिला प्रश्न : दोष राहिला हे पाप होते काय? आमच्या मते नाही. लक्षावधी सूक्ष्म घटकांच्या वस्तूत काही उणे राहणारच. मनुष्याच्या हातचे काम निर्दोष असावे ही अपेक्षा अवाजवी आहे. पाच रकाने रिकामे राहिले यात कोणाचा दुष्ट हेतू नव्हता. येथवर आपण सारे ग्रोव्हच्याच बाजूचे.

दुसरा प्रश्न : मग दोष कशात होता? कंपनीचा हिशेब खोटा होता, असे म्हणता येत नाही. अभियंत्यांनी सरासरी काढली होती, आणि आपल्या गृहीतांपुरती ती बरोबरही होती. दोष दोन ठिकाणी होता. एक, जे ठाऊक होते ते ज्याला ठाऊक व्हायला हवे होते त्याच्यापासून राखून ठेवले गेले. ‘विचारले नाही म्हणून सांगितले नाही’ हा बचाव आपल्या घरातील मुलेही करतात, आणि आपण तो मान्य करीत नाही. दुसरा दोष अधिक खोल आहे. आपल्याला बिनचूक वस्तू हवी हे सिद्ध करण्याचा भार कंपनीने घेणाऱ्याच्या माथी टाकला. समजा, आपण वाण्याकडून दहा किलो तांदूळ घेतले आणि ते घरी मूठभर कमी भरले. परत गेल्यावर वाण्याने म्हणावे, ‘तुमच्या घरी जेवणारी तोंडे किती ते आधी सांगा, मूठभराने कोणी उपाशी राहत असेल तर देतो.’ मूठभर तांदळाने कोणी उपाशी राहणार नाही हे खरे. तरीही हे ऐकून आपला संताप होईल, आणि तो तांदळासाठी नसेल. आपल्या गरजेचे माप दुसऱ्याने ठरवावे, तेही आपल्या पैशाच्या मोबदल्यात, हा त्यातील अपमान आहे.

सरासरी ही मोठी फसवी गोष्ट आहे. ती सर्वांविषयी खरे बोलते आणि एकेकाविषयी काहीच बोलत नाही. याचा प्रत्यय खुद्द ग्रोव्हला लवकरच आला. १९९५ साली त्याला प्रोस्टेटचा कर्करोग असल्याचे निदान झाले. बहुतेक रुग्णांना शस्त्रक्रियेचा सल्ला दिला जाई. ग्रोव्हने तो मुकाट्याने स्वीकारला नाही. त्याने वैद्यकीय निबंध मिळवून वाचले, निरनिराळ्या उपचारांचे निष्कर्ष स्वतः पडताळले, अनेक तज्ज्ञांना गाठले आणि अखेर शस्त्रक्रियेऐवजी किरणोपचार निवडले. पुढच्या वर्षी हा सारा अनुभव त्याने नियतकालिकातून उघडपणे मांडला, जेणेकरून इतर रुग्णांनाही प्रश्न विचारण्याचे बळ यावे. या दोन घटनांचा संबंध त्याने स्वतः जोडला होता, असा आमचा दावा नाही. पण शेजारी शेजारी ठेवल्या की त्या एकमेकींवर प्रकाश टाकतात. डिसेंबर १९९४ मध्ये जो ग्राहकांना सरासरीचा दिलासा देत होता, तोच वर्षभराच्या आत असा रुग्ण झाला की ज्याला सरासरीचा दिलासा पुरेना. ‘माझ्याविषयी जे ठाऊक आहे ते सारे मला सांगा, निर्णय मी घेईन,’ ही रुग्ण ग्रोव्हची मागणी न्याय्य होती. त्या प्राध्यापकांची आणि असंख्य ग्राहकांची मागणी तरी याहून काय वेगळी होती?

आता तिसरा आणि मुख्य प्रश्न. कंपनीने जे केले ते भयापोटी केले. आयबीएमने हात आखडला नसता, वृत्तपत्रांनी गवगवा केला नसता, तर कदाचित काहीच घडले नसते. अशा भरपाईला आपण सद्वर्तन म्हणावे काय?

धर्मशिक्षणाच्या वर्गात आपण दोन प्रकारचे पश्चात्ताप शिकलो आहोत. देवावरील प्रेमापोटी होतो तो पूर्ण पश्चात्ताप. शिक्षेच्या भयाने अथवा पापाच्या किळसेने होतो तो अपूर्ण. १५५१ साली ट्रेंटच्या धर्मपरिषदेपुढे हा प्रश्न होता, आणि भयातून आलेला पश्चात्ताप हा ढोंग आहे असे म्हणणाऱ्यांचे मत परिषदेने नाकारले. पाप करण्याची इच्छा सुटली असेल आणि क्षमेची आशा असेल, तर असा पश्चात्तापही देवाचीच देणगी आहे, तो माणसाला कृपेच्या दारापर्यंत आणतो, असा तिचा निर्वाळा आहे. यात मनुष्यस्वभावाचे केवढे शहाणे आकलन आहे! आपल्यापैकी किती जण निखळ प्रेमाने पापनिवेदनास गेले असतील? जकातदार जक्कयाने लुबाडलेले चौपट परत करण्याचे कबूल केले, तेव्हा त्याच्या दारात कोणी धरणे धरलेले नव्हते. पण सारेच जक्कय नसतात.

म्हणून आमचे उत्तर दुहेरी आहे. ज्याचे नुकसान झाले, त्याच्या दृष्टीने भरपाईमागील हेतू गौण आहे. त्याला त्याचे मिळाले पाहिजे, आणि ते भयाने मिळाले म्हणून ते कमी ठरत नाही. न्याय हा देणाऱ्याच्या अंतःकरणशुद्धीची वाट पाहत थांबू शकत नाही. देणाऱ्याच्या दृष्टीने मात्र हेतूलाच महत्त्व आहे. कारण भय ओसरले की भयाने आलेला शहाणपणाही ओसरण्याचा धोका असतो. अपूर्ण पश्चात्तापाची किंमत तो पुढे काय घडवितो यावरून ठरते.

इंटेलच्या बाबतीत काही घडले असे म्हणण्यास जागा आहे. त्यानंतर आपल्या चिपांतील ज्ञात दोषांच्या याद्या कंपनी जाहीरपणे प्रसिद्ध करू लागली. भयाने शिकविलेली गोष्ट अशा रीतीने रिवाज बनली. दर वेळी नवे भय लागू नये यासाठी रिवाजासारखा उपाय नाही. ग्रोव्हने १९९६ साली लिहिलेल्या पुस्तकाचा आरंभच या नामुष्कीच्या हकिकतीने केला. जग बदलले होते आणि ते आपल्याला सर्वांत शेवटी कळले, असा त्याचा सूर आहे. टीकाकार म्हणतील की त्यात पश्चात्तापापेक्षा व्यवहाराचा धडाच अधिक आहे. असेलही. परंतु स्वतःची फजिती पहिल्या पानांवर मांडणारे यशस्वी पुरुष किती?

ग्रोव्हच्या भीतीच्या तत्त्वज्ञानाशी मात्र आमचे पूर्णपणे जुळत नाही. भीती माणसाला जागे ठेवते हे खरे. पण ती त्याला स्वतःकडे पाहायला लावते, समोरच्याकडे नव्हे. भ्यालेला मनुष्य प्रथम विचारतो, ‘माझे काय होईल?’ नोव्हेंबर १९९४ मध्ये कंपनीने बहुधा हेच विचारले, आणि म्हणूनच ‘याचे काय होईल?’ हा प्रश्न सुचायला तिला उशीर झाला. छळ सोसलेल्या मुलाची भीती आणि बलाढ्य संस्थेची भीती यांत फरक आहे. पहिली त्याला वाचविते. दुसरी इतरांच्या तोंडचे सत्य राखून ठेवते.

पण ग्रोव्हला न्यायासनापुढे उभे करताना आम्हांला डॅन्यूबकाठचे ते खेळणारे मूल आठवते आणि आमचा आवाज खाली येतो. त्या मुलाच्या तोंडी ते वाक्य कोणी घातले? शतकानुशतके ख्रिस्ती घरांतून, शाळांतून आणि व्यासपीठांवरून जे बोलले गेले, त्याचाच तो प्रतिध्वनी होता. आपल्या कोष्टकातही नोंदी चुकलेल्या होत्या, आणि त्यांची किंमत दशांशाच्या सहाव्या अंकात मोजता येत नाही. ख्रिस्ताच्या मृत्यूचा दोष सरसकट साऱ्या ज्यूंवर, त्या काळच्या किंवा आजच्या, लादता येत नाही, हे द्वितीय व्हॅटिकन परिषदेने २८ ऑक्टोबर १९६५ रोजी स्पष्टपणे सांगितले. युद्ध संपून तेव्हा वीस वर्षे लोटली होती. मार्च २००० मध्ये पोप जॉन पॉल दुसरे जेरुसलेमला गेले आणि तेथील पश्चिम भिंतीच्या फटीत त्यांनी क्षमायाचनेची चिठ्ठी ठेवली. ती ठेवणारा हात वृद्ध होता, थरथरणारा होता. उशीरही झाला होता. तरीही ती चिठ्ठी ठेवली गेली याचा आम्हांला आनंद आहे. उशिराच्या दुरुस्तीचे मोल आपण ख्रिस्तसभेसाठी मान्य करणार असू, तर ते इतरांनाही नाकारता येणार नाही. आणि उशिराने झालेली हानी इतरांच्या माथी मारणार असू, तर आपलीही झाकता येणार नाही.

अँडी ग्रोव्ह २१ मार्च २०१६ रोजी वारला. तो ७९ वर्षांचा होता. अखेरच्या वर्षांत कंपवाताने त्याला ग्रासले होते. त्याच्या सदोष चिपा केव्हाच निकालात निघाल्या. मागे राहिला आहे तो प्रश्न, आणि तो आपल्या घरातला आहे. हिशेबात चूक सापडलेला कारकून, उत्तरपत्रिका चुकीची तपासल्याचे ध्यानी आलेला शिक्षक, मुलाला विनाकारण मारल्याचे रात्री उमगलेला बाप, आणि आता संगणकाच्या कार्यालयात बसून आपल्याच कामातील दोष प्रथम पाहणारा आपला तरुण, या सर्वांपुढे काही तास असे येतात की दोष फक्त त्यांनाच ठाऊक असतो. अजून कोणी प्राध्यापक दार ठोठावीत नसतो. त्या तासांत भय नसते, म्हणून कबुलीची सक्तीही नसते. पुढे जे होते ते भयाचे काम. पण त्या पहिल्या काही तासांत आपण जे करतो, ते मात्र सर्वस्वी आपले असते.